चाळीस दिवसांचा महिना आला कुठनं?

गंगावेस_कट्टा: काल मेरुखंडकर भावानं त्याच्या कादंबरीतल्या जगाचं कॅलेंडर टाकलं. वर्ष ४०० दिवसांचं, दहा महिने, प्रत्येक महिना बरोब्बर ४० दिवसांचा, आणि वर टीप की ‘आपल्या पंचांगातली अधिक महिन्याची भानगड माझ्या जगात नाही’. जेवताना वाचलं आणि घास तिथंच अडकला. भावा, तुझ्या आकाशात दोन चंद्र आहेत असं तूच पहिल्या प्रकरणात लिहिलंयस, थोरल्याची पुनव ३१ दिवसांनी येते आणि धाकट्याची १२. मग हे ४० कुणी मोजले? तुझ्या जगात रात्रीचं पाणी पाजायला कोण जात नाही, चंद्र बघून उपास सोडणारी एक बाई नाही?

३१ चा महिना धरून बघ. तेरा महिन्यांचे ४०३ होतात, वर्षाला तीन दिवस जास्त, म्हणजे दर दहा वर्षांनी एक अख्खा महिना गिळायला लागणार. आपल्याकडं उलटं, बारा चांद्रमास ३५४ दिवसांत उरकतात, अकरा दिवस कमी पडतात म्हणून बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक महिना जास्तीचा घालतो. तुझा तो गिळलेला महिना, त्यात जन्मलेल्या पोराचा वाढदिवस कधी करायचा? सावकार त्या महिन्याचं व्याज मागणार का सोडणार? कादंबरी इथं आहे मर्दा, आणि तू तीच भानगड म्हणून फेकून दिलीस.

मेरुखंडकर: वाचक गोष्ट वाचायला येतो, पंचांग फोडायला नाही. माझ्या राजानं फर्मान काढलं ४० दिवस, विषय संपला. फ्रान्समध्ये क्रांतीनंतर दहा दिवसांचा आठवडा केलाच होता की. आणि चंद्र चंद्र काय लावलंय, कोल्हापूरच्या अंबाबाईचा किरणोत्सव, मावळतीची किरणं देवीवर पडतात तो, ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी आणि नोव्हेंबरात ९, १०, ११ ला असतो, तिथं कोण तिथी बघतंय?

गंगावेस_कट्टा: फ्रान्सचं ते कॅलेंडर १ जानेवारी १८०६ पासून बंद झालं, हे पण सांग की. आणि फर्मानाचं म्हणशील तर आपल्या सरकारचं राष्ट्रीय कॅलेंडर २२ मार्च १९५७ पासून चालू आहे. त्यात आज तारीख कुठली, मोबाईल न बघता सांग. किरणोत्सवाचं मात्र बरोबर बोललास, पण तेच तर म्हणतोय, सूर्याचं आणि चंद्राचं दोन्ही एकदमच चालतं.

बाबूजमाल_रोड: यात भर घालतो. २०१८ आणि २०१९ ला गणपती आणि मोहरम एकत्र आले, आमच्याकडं एकाच मांडवाखाली गणपती आणि मोहरमचे पंजे. मोहरमचं ते मुसलमानी ३५४ दिवसांचं वर्ष अधिक महिना घालत नाही, म्हणून सरकत सरकत साधारण तेहतीस वर्षांनी परत त्याच ऋतूत येतं. आमची आजी मागच्या वेळचं सांगायची ते आम्ही डोळ्यांनी बघितलं. असला सीन ४०० भागिले १० मधनं निघत नाही.

शाहूपुरीची_लेक: अधिक महिन्याचं कौतुक पुरुषांनी करावं. २०२३ ला अधिक श्रावण होता, धोंड्याला जावई दोन, तेहतीस अनारसे प्रत्येकी, वर चांदीचा दिवा आणि तांब्या. पहिला घाणा तुपात विरघळला, पीठ परत केलं. मेरुखंडकर दादा, तुमचं कॅलेंडर झकास आहे, बदलू नका.

गुऱ्हाळघर: चंद्र नाय आणि राजा नाय, कॅलेंडर बिलावर चालतंय. आमच्या घरात पाऊस नक्षत्रावर, सात-आठ जूनला मृग निघतो, मग तरणा पाऊस, म्हातारा पाऊस, तेरा-चौदा दिवसाला एकेक. दुधाचं बिल दहा दिवसाला. आणि ऊसबिल? कायदा म्हणतो चौदा दिवसांत एफआरपी, म्हंजे सरकारनं ठरवलेला उसाचा किमान दर, उशीर झाला तर १५ टक्के व्याज. आमचा ऊस डिसेंबरात गेला, तोडणीच्या टोळीला खुशाली म्हणून आणि ट्रॅक्टरवाल्याला एंट्री म्हणून वरचे पैसे दिले, बिल आलं पाडवा झाल्यावर. व्याज तर स्वप्नात पण नाय. आमचे चौदा दिवस शंभराचे असतात, ते लिवा कादंबरीत.

शेती_विभाग: कारखान्यात नोकरी करतो म्हणून बोलतो, सगळं खापर आमच्यावर नको. एफआरपी बहुतेक वर्षी वाढते, साखरेचा किमान दर फेब्रुवारी २०१९ ला किलोला ३१ रुपये केला आणि पुढं कित्येक वर्षं तिथंच. गोडाऊनमध्ये पोती पडून, बँक उचल देईना, पैसे काय झाडाला लागलेत?

गुऱ्हाळघर: मग चेअरमनची गाडी झाडाला लागली होती व्हय? सोसायटीचं व्याज आमच्या दाराला एक दिवस थांबत नाय.

शेती_विभाग: गाडीचं मला काय विचारता. आमचा पगार तीन महिने तटलाय, ते कुणी विचारत नाही.

गुऱ्हाळघर: पगार तटला तरी वजनकाटा तुमच्याच हातात हाय की.

शेती_विभाग: काट्यावर घसरायचं असेल तर मी चाललो. चोर म्हणून घ्यायला आलो नव्हतो.

गंगावेस_कट्टा: ओ, उसाला वेगळा धागा काढा. काट्याचं बोलणं जरा जास्त झालं काका.

गुऱ्हाळघर: त्याला नाय म्हटलं, काट्याला म्हटलं. जाऊ दे, पगाराचं ऐकून वाईट वाटलं.

मेरुखंडकर: चला, माझ्या धाग्यात साखर पडली एकदाची. रात्री गणित करून बघितलं, दहा वर्षांचे ४००० दिवस आणि एक महिना गिळून उरलेल्या १२९ महिन्यांचे ३९९९. एक दिवस शिल्लक राहतो, गंगावेस साहेबांना तो पण सापडला नव्हता, असो. ४० दिवस राजाच्या दप्तरात राहतील, रयत थोरल्या चंद्रावर चालेल. आणि नवीन प्रकरण सुचलंय, राजाचा खजिनदार रयतेला सांगतो, तुमचं देणं आम्ही गिळलेल्या महिन्यातच देणार होतो.

गुऱ्हाळघर: म्हणजे तिथं पण आमचं बिल गेलंच.