जॉन केनेडीचा गुडघा आणि ‘खेळाचा भाग’ ही पळवाट

मधला बचाव (धागाकर्ता)

स्कॉटिश फुटबॉलच्या चर्चेत परवा एका सदस्याने लिहिले की बचावपटू जॉन केनेडीच्या नावाने ग्लासगोच्या सेल्टिक क्लबचे चाहते इतकी वर्षे जो गळा काढत आले आहेत तो अनाठायी आहे. वीस वर्षांचा मुलगा, मोजके सामने खेळलेला, त्याचा गुडघा गेला हे दुर्दैव. पण दुखापत हा खेळाचा भागच असतो आणि ‘झाला असता’ या शब्दांवर कोणाची कारकीर्द मोजता येत नाही, असे त्यांचे म्हणणे होते. याला दोन ओळींत उत्तर देणे मला जमले नाही, म्हणून हा वेगळा धागा काढला आहे.

25 मार्च 2004 रोजी सेल्टिकने बार्सिलोनाला त्यांच्याच मैदानावर 0-0 असे रोखले आणि घरच्या 1-0 विजयाच्या बळावर यूएफा चषक या युरोपीय क्लबांच्या स्पर्धेतून बाहेर काढले. त्या रात्री गोलमध्ये एकोणीस वर्षांचा डेव्हिड मार्शल होता आणि त्याच्यापुढे बचावाच्या मध्यभागी वीस वर्षांचा केनेडी. मार्शल सर्वांच्या लक्षात राहिला, कारण गोलरक्षकाची झेप डोळ्यांत भरते. बचावपटूने पाऊलभर आधी सरकून बंद केलेली वाट मात्र कोणाच्या नजरेत येत नाही. सहाच दिवसांनी, 31 मार्चला, हॅम्पडेन पार्कवर रुमानियाविरुद्ध तो स्कॉटलंडकडून पहिल्यांदा उतरला. सामना पुरता रंगण्याआधीच गानेआ या आघाडीपटूच्या टॅकलने (चेंडू हिसकावण्यासाठी घातलेल्या पायाने) त्याच्या गुडघ्याचे लिगामेंट (हाडे जोडणारा बंध) फाटले. केनेडी स्ट्रेचरवरून बाहेर गेला आणि गानेआ मैदानावरच राहिला. स्कॉटलंड 1-2 असा हरला, आणि तो निकाल आज कोणाच्याही उपयोगाचा नाही, कारण सामना मैत्रीपूर्ण होता.

सेल्टिककडून तो पुन्हा खेळला तेव्हा 2007 साल उजाडले होते. पुढच्या वर्षी तो लोनवर, म्हणजे उसना खेळाडू म्हणून, नॉर्विच सिटीकडे गेला आणि नोव्हेंबर 2009 मध्ये, सव्विसाव्या वर्षी, त्याने खेळणे सोडले. स्कॉटलंडसाठीचा त्याचा तो पहिला सामनाच शेवटचा ठरला.

धावता धावता आपलाच पाय मुरगळणे आणि दुसऱ्याच्या बेपर्वाईने गुडघा तुटणे या दोन्हींना ‘दुखापत’ असे एकच नाव असले तरी त्या एकाच पारड्यात टाकता येत नाहीत. नोव्हेंबर 2003 मध्ये हॉलंडकडून 0-6 आणि फेब्रुवारी 2004 मध्ये वेल्सकडून 0-4 असा मार खाल्लेल्या स्कॉटलंडच्या प्रशिक्षकांना, बर्टी फोग्ट्स यांना, नवे बचावपटू हवे होते, आणि देशाचे बोलावणे आल्यावर वीस वर्षांचा कोणताही मुलगा नाही म्हणत नाही. पगार क्लब देतो, खेळाडू देशाचा फुटबॉल महासंघ नेतो, टॅकल तिसराच करतो आणि गुडघा एकट्याचा जातो. या साखळीत कोणीच कोणाला जबाबदार नव्हते, हे माझे गाऱ्हाणे आहे. केनेडी किती मोठा झाला असता हा प्रश्न माझ्या लेखी दुय्यम आहे.

आकडेवाला

परवाचे ते विधान माझेच आहे आणि मी त्यावर ठाम आहे. धागाकर्त्यांनी प्रश्नच बदलून टाकला आहे. मी ‘कोण जबाबदार’ याविषयी लिहिले नव्हते. स्कॉटलंडच्या उत्कृष्ट बचावपटूंच्या यादीत केनेडीचे नाव घुसडण्याविषयी लिहिले होते. बार्सिलोनातील त्या रात्रीला एवढे तेज चढले आहे ते पुढच्या आठवड्यात जे घडले त्यामुळे. तशी एखादी रात्र गाजवून पुढे सामान्य कारकीर्द केलेले खेळाडू प्रत्येक क्लबच्या इतिहासात सापडतात. त्यांचे पाय शाबूत राहिले म्हणून त्यांच्यावर कोणी धागे काढत नाही.

आणि सेल्टिकचेच उदाहरण हवे असेल तर डॅनी मॅक्ग्रेनकडे पाहा. 1972 मध्ये त्याच्या कवटीला तडा गेला. 1974 च्या विश्वचषकानंतर त्याला मधुमेह असल्याचे निष्पन्न झाले. 1977 मध्ये घोट्याच्या दुखण्याने त्याला दीर्घकाळ बाहेर बसवले. तरीही तो परतला, 1982 च्या विश्वचषकात स्कॉटलंडचा कर्णधार झाला आणि देशाकडून 62 सामने खेळून थांबला. दुखापतीने ग्रासलेली थोर कारकीर्द मी याला म्हणतो.

ग्लासगोकर

मॅक्ग्रेनचे नाव अशा रीतीने वापरलेले पाहून मला राग आला आहे आणि तो मी लपवत नाही. मी या शहरात राहतो, सेल्टिक पार्कमध्ये ज्यांच्या शेजारी बसतो ती म्हातारी माणसे मॅक्ग्रेनला उजव्या बगलेवरून धावताना पाहत मोठी झाली आहेत, आणि त्यांच्यापैकी कोणीही त्याचे नाव घेऊन केनेडीला लहान ठरवल्याचे मी ऐकलेले नाही. शिवाय आपण जे गाळले तेही सांगायला हवे होते. त्याच घोट्यापायी मॅक्ग्रेनचा 1978 चा विश्वचषक गेला, आणि तो तेव्हा जगातील उत्तम उजव्या बचावपटूंपैकी एक मानला जात होता. जो परतला त्याचेही पुष्कळ हिरावले गेले होते. एकाचे दुःख दुसऱ्याच्या तोंडावर फेकून मारण्यासाठी नसते.

गुडघा आणि घोटा

मी फिजिओथेरपिस्ट आहे. केनेडीचे वैद्यकीय कागद मी पाहिलेले नाहीत, म्हणून सर्वसाधारण अनुभवावरून लिहिते. एकाहून अधिक लिगामेंट एकदम गेलेल्या रुग्णाचा पाय ब्रेसमधून मोकळा होतो तेव्हा मांडीचा स्नायू इतका झिजलेला असतो की दोन्ही मांड्यांवर टेप धरली तर फरक पाहून नातेवाईक गप्प होतात. पहिली लढाई गुडघा पूर्ण सरळ होण्याची असते, धावण्याची गोष्ट फार पुढची. पालथे झोपवून गुडघ्याखालचा पाय पलंगाच्या कडेबाहेर सोडायचा, पाय आपल्याच वजनाने हळूहळू सरळ होऊ द्यायचा आणि त्या मिनिटांत रुग्ण उशी दातांत धरतो.

तरुण माणूस यातून चालू लागतो, सरळ रेषेत पळूही लागतो. मधल्या बचावपटूचे काम मात्र सरळ रेषेत नसते. आघाडीपटूकडे तोंड करून मागे मागे जायचे आणि तो ज्या क्षणी वळेल त्या क्षणी एका पायावर सगळा भार टाकून गर्रकन फिरायचे, हा त्याच्या कामाचा गाभा आहे आणि लिगामेंट नेमके त्याच हालचालीसाठी लागते. म्हणून मॅक्ग्रेनची तुलना मला वैद्यकीयदृष्ट्या पटत नाही. कवटी जुळून आली की जुळते. गुडघा जुळला तरी त्याच्यावर भरवसा टाकायला मन धजावत नाही.

पेठेचा बॅक

वरचा प्रतिसाद वाचून राहवले नाही. मी कोल्हापूरचा, पेठेच्या संघातून बॅक म्हणून खेळायचो. शाहू स्टेडियमवर उन्हाळ्यात जमीन कशी कडक होते हे तिथे पडलेल्यालाच कळते. एका सामन्यात समोरच्याने चेंडू निघून गेल्यावर मागून पाय घातला, गुडघ्यातून आवाज आला तो गॅलरीतल्या माझ्या भावाने ऐकला असे तो आजही सांगतो. पंचांनी हाताने ‘चला, खेळा’ अशी खूण केली. कोणी म्हणाले मुरगळला आहे, कोणी तेल लावून चोळायला सांगितले, आणि मी पट्टी बांधून पुन्हा खेळलो. लिगामेंट गेल्याचे कळले तोवर आतली कूर्चाही झिजली होती. बिल घरच्यांनी भरले. पुढच्या हंगामात माझ्या जागी दुसरा मुलगा उभा होता, यात त्याचा काही दोष नव्हता.

माझी तक्रार पंचांविषयी आहे. मागून केलेल्या धोकादायक टॅकलला 1998 पासून लाल कार्डाचा दंडक आहे. हॅम्पडेनसारख्या ठिकाणी सहा वर्षांनी तो आठवला नाही तर आमच्या मैदानावर कोणाला आठवणार?

आकडेवाला

आपल्या गुडघ्याचे वाईट वाटते, पण एकाच्या आठवणीवरून नियम सिद्ध होत नाही. केनेडीवरचा तो टॅकल मागून होता असे धागाकर्त्यांनीही लिहिलेले नाही. आपण स्वतःचा सामना हॅम्पडेनवर नेऊन ठेवला आहे. या धाग्यावर जो तो आपापले दुखणे घेऊन येतो आहे.

पेठेचा बॅक

दुखणे ज्याचे असते तोच ते घेऊन येणार. ज्यांनी फुटबॉल फक्त तक्त्यांत पाहिला त्यांनी आम्हाला नियम शिकवू नयेत.

दावे-भरपाई

मी विमा व्यवसायात आहे, त्यामुळे मला यातला पैशाचा भाग महत्त्वाचा वाटतो आणि मूळ तिढाही तिथेच आहे. केनेडी जखमी झाला त्याच वर्षी, नोव्हेंबर 2004 मध्ये, बेल्जियमच्या शार्लरुआ क्लबचा अब्देलमजीद उल्मर्स मोरोक्कोकडून बुर्किना फासोविरुद्धच्या मैत्रीपूर्ण सामन्यात जखमी झाला. शार्लरुआने फिफाला न्यायालयात खेचले, युरोपातील बड्या क्लबांची जी-14 ही संघटना पाठीशी उभी राहिली आणि प्रकरण युरोपीय न्यायालयापर्यंत गेले. 2006 च्या विश्वचषकात स्वीडनविरुद्ध पहिल्याच मिनिटात मायकेल ओवेनचा गुडघा गेला, तेव्हा त्याच्या क्लबने, न्यूकॅसलनेही, भरपाईसाठी भांडण मांडले. अखेर 2008 मध्ये समझोता झाला, जी-14 बरखास्त झाली आणि मोठ्या स्पर्धांसाठी खेळाडू सोडणाऱ्या क्लबांना मोबदला देण्याचे मान्य झाले. 2012 पासून फिफाने क्लबांसाठी संरक्षण योजना सुरू केली. तिच्यात देशाकडून खेळताना जखमी झालेल्या खेळाडूचा पगार पहिले 28 दिवस वगळून क्लबला मिळतो. मर्यादा दिवसाला 20,548 युरो, एका दुखापतीमागे कमाल 75 लाख युरो. धागाकर्ते ज्या बेजबाबदारीविषयी लिहितात ती बऱ्याच अंशी दूर झाली आहे.

ग्लासगोकर

ही माहिती उपयुक्त आहे, पण तिच्यातून निघालेला निष्कर्ष मला मान्य नाही. दिवसाला वीस हजार युरो हा आकडा कोणासाठी आहे ते पाहा. स्कॉटलंडमधील बहुतेक क्लबांच्या खेळाडूंचे पगार त्याच्या जवळपासही नसतात. भांडण बड्यांनी केले, शार्लरुआचे नाव पुढे केले आणि तोडगा बड्यांच्या मापाने शिवला गेला.

दावे-भरपाई

हे अन्यायाचे आहे. ही मर्यादा कमाल आहे, किमान नव्हे. छोट्या क्लबला त्याच्या छोट्या पगाराएवढे मिळते आणि त्याची निकड बड्या क्लबापेक्षा अधिक असते. योजना काय आहे हे नीट समजून न घेता तिला बड्यांची म्हणणे मला बेजबाबदार वाटते.

आकडेवाला

आणि महासंघांचे काय? प्रत्येक मैत्रीपूर्ण सामन्यासाठी भरपाईची टांगती तलवार त्यांच्याच डोक्यावर ठेवली असती तर गरीब देशांनी सामनेच भरवले नसते. क्लबांचे चाहते देशाच्या संघाला उपरा समजू लागले आहेत. 2004 च्या स्कॉटलंडला तरुण बचावपटू हवे होते, आणि त्यांना मैत्रीपूर्ण सामन्यात नाही तर कुठे आजमावायचे होते?

ग्लासगोकर

देशाच्या संघाला उपरा कोणी म्हटले ते दाखवा, नाहीतर शब्द मागे घ्या. सेल्टिकमध्ये घडलेल्या स्कॉटलंडच्या बचावपटू कियरन टियर्नीच्या कमरेपासून गुडघ्यापर्यंत काय दुखायचे राहिले आहे? युरो 2024 मध्ये स्वित्झर्लंडविरुद्ध तो स्ट्रेचरवरून गेला तेव्हा याच शहरात माणसे रडत होती, आणि नोव्हेंबर 2025 मध्ये डेन्मार्कविरुद्ध वाढीव वेळेत त्याने गोल करून विश्वचषकाचे दार उघडले तेव्हाही तीच माणसे रडत होती. क्लब आणि देश यांत आम्ही कधी निवड केली नाही.

संपादक मंडळ

सदस्यांनी परस्परांच्या हेतूंविषयी लिहिणे टाळावे, ही विनंती.

आकडेवाला

‘उपरा’ हा शब्द मागे घेतो. गानेआला शिक्षा व्हायला हवी होती हेही मान्य करतो, कारण ते नाकारण्यासारखे माझ्याकडे काही नाही. मात्र केनेडीला थोरांच्या यादीत बसवण्यास माझा विरोध कायम आहे, आणि या धाग्यावर त्याबाजूने कोणी एकही मुद्दा मांडलेला नाही.

मधला बचाव

मांडलेला नाही, कारण तशी यादी मी केलेलीच नाही. आपण ज्या दाव्याशी भांडत आहात तो परवाच्या चर्चेत कोणी केला असेल, तर तो माझा नव्हता.

‘दावे-भरपाई’ यांच्याशी मात्र माझा खरा वाद आहे. त्यांनी दिलेले आकडे घेऊनच पाहू. फिफाची योजना जास्तीत जास्त वर्षभराचा पगार भरते आणि तात्पुरत्या अपंगत्वापुरतीच आहे. कायमचे अपंगत्व तिच्यात बसत नाही. केनेडी जवळजवळ तीन वर्षे बाहेर होता. म्हणजे हीच योजना 2004 मध्ये असती तरी पहिल्या वर्षानंतर हात वर झाले असते, आणि जे काही मिळाले असते ते सेल्टिकला. 2009 मध्ये खेळणे सोडताना पुढची आठ-दहा वर्षे ज्याच्या हातून गेली त्याला त्यातून काहीच मिळाले नसते. क्लबांनी आपले नुकसान मोजायला शिकले, न्यायालयात गेले आणि वसूल केले. याबद्दल मी त्यांना दोष देत नाही. पण बेजबाबदारी दूर झाली असे म्हणताना कोणाच्या बाबतीत दूर झाली हेही लिहावे लागते.

केनेडीने नंतर सेल्टिकमध्येच प्रशिक्षणाची कामे केली आणि 2021 मध्ये मुख्य प्रशिक्षक नील लेनन गेल्यावर हंगाम संपेपर्यंत संघ सांभाळला. हे त्याचे आणि क्लबचे मोठेपण आहे. ते कोणत्याही नियमात लिहिलेले नव्हते. ज्या क्लबला खेळाडूला असे सांभाळून घेणे परवडत नाही, तिथल्या वीस वर्षांच्या मुलाला देशाकडून खेळताना असे काही झाले तर त्याने कोणाकडे जायचे, याचे उत्तर विम्यातील जाणकारांकडून मला हवे आहे.

दावे-भरपाई

कायमच्या अपंगत्वाचा मुद्दा आपला बरोबर आहे. त्यासाठी महासंघाने किंवा खेळाडूने स्वतंत्र विमा उतरवावा लागतो, आणि वीस वर्षांचा मुलगा तो स्वतःहून उतरवत नाही, हेही खरे. बाकीच्या मुद्द्यांवर मी माझ्या मतावर कायम आहे.