वारासहून लगुना ६९, एका दिवसात गाइडबरोबर: आईला झेपेल का?

मुक्ता_पायवाट

नमस्कार मंडळी. जूनमध्ये मी आणि आई पेरूला जातोय. माचू पिच्चूचं सगळं ठरलंय, पण त्याआधी उत्तरेकडचं वास्करान राष्ट्रीय उद्यान बघायचंच आहे. लीमाहून रात्रीची बस पकडून सोमवारी सकाळी उद्यानाजवळच्या वारास गावी पोचू, गुरुवारी रात्रीच्या बसने परत.

मंगळवारी लगुना ६९ या उंचावरच्या तळ्याची ग्रुप ट्रिप घ्यावी असं डोक्यात आहे. पहाटे पाचला हॉटेलवरून घेऊन जातात, संध्याकाळी सात-साडेसातला आणून सोडतात. मधे सहा-सात किलोमीटर चढ आणि तेवढाच उतार. आई ६१ वर्षांची आहे. रोज टेकडी चढते, गेल्या वर्षी कळसूबाई केलं, दोन वर्षांपूर्वी हरिश्चंद्रगड. बीपीची एक गोळी सुरू आहे, बाकी काही नाही. त्या निळ्या तळ्याचा फोटो तिने फोनवर लावून ठेवलाय, म्हणून तिला "नको" म्हणायचं माझ्या जिवावर येतंय. कोणी केलंय का? झेपेल का?

डोंगरवेडा_८८

बिनधास्त जा. मी २०१९ ला केलंय. वाट सोपी आहे, हरिश्चंद्रगडाच्या नळीच्या वाटेपुढे तर काहीच नाही. कुठेही रॉकपॅच नाही, घसारा नाही. कोकाचा चहा प्या, पाणी भरपूर प्या. तीन तासांत वर. काकूंना शुभेच्छा!

वसुधा_भ

मुक्ता, वरच्या उत्तरातलं वाटेबद्दलचं सगळं बरोबर आहे. म्हणूनच मी जरा सविस्तर लिहिते, कारण आम्हीही "वाट सोपी आहे" एवढंच ऐकून गेलो होतो.

आम्ही गेलो तेव्हा मी ५७, हे ६२. दोघं पंचवीस वर्षं सह्याद्रीत फिरतोय. कार्यक्रम अगदी तुझ्यासारखाच होता: रात्रीची बस, सकाळी वारास, दुसऱ्या दिवशी पहाटे लगुना ६९.

कळसूबाई १,६४६ मीटर. वारास ३,०५० च्या आसपास. म्हणजे तुमचं हॉटेलच कळसूबाईच्या जवळजवळ दुप्पट उंचीवर आहे. तिथून बस निघते, माणसं झोपलेली असतात, वाटेत एका ठिकाणी नाश्त्याला थांबते, आणि मग यांगानुकोच्या दरीतून वर चढत साधारण ३,९०० मीटरवर कुरणात नेऊन सोडते. तिथून पायी ४,६०० पर्यंत. आपल्या पायांनी चढलेलं फक्त सातशे मीटर दिसतं, पण शरीराने त्या सकाळी दीड हजाराहून जास्त मीटर उंची गाठलेली असते. तळ्यापाशी हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्याहून थोडाच जास्त. पायांत कितीही दम असला तरी इथे तो उपयोगी पडत नाही.

सुरुवातीला गाईगुरं चरणारं सपाट कुरण आहे, दोन्ही बाजूंनी धबधबे, समोर बर्फाची शिखरं. तिथे सगळेच आनंदात असतात. मग नागमोडी चढ लागतो. तो संपल्यावर एक छोटं तळं येतं. काही लोकांना तेच लगुना ६९ वाटतं आणि तिथेच ते खूश होतात. त्या छोट्या तळ्याच्या अलीकडे हे गप्प झाले. हे गप्प राहणारे नाहीत, चढताना बडबड करत चढतात. मी विचारलं तर म्हणाले, "पित्त झालंय. पहाटेचा चहा नीट मिळाला नाही ना." मीही मान डोलावली आणि पित्ताची गोळी काढून दिली! मुक्ता, हे मला आजही टोचतं. डोकं दुखतंय, मळमळतंय, खावंसं वाटत नाही: आपल्या घरात याला पित्तच म्हणतात. तिथे मात्र ते विरळ हवेचं दुखणं होतं. पेरूत त्याला 'सोरोचे' म्हणतात आणि तिथल्या पोरासोरांनाही ते ओळखता येतं.

दहा मिनिटांनी ते सपाटीवर दोनदा अडखळले. तेव्हा मी ठरवलं की आता खाली.

गाइड एक होता आणि आम्ही वीस जण. तो पुढच्या तरुण मुलांबरोबर केव्हाच दिसेनासा झाला होता. आम्ही दोघंच उतरलो. वाट मळलेली आहे, चुकायची भीती नाही, पण त्या एक तासात मला फार एकटं वाटलं. खाली कुरणात आल्यावर यांना उलटी झाली आणि मग हळूहळू चेहऱ्यावर रंग आला.

आता मला तुला जे सांगायचंय ते हे. खाली आल्यावर आम्हाला आणखी खाली जायचं होतं. पण बस सगळ्यांची असते! शेवटचा माणूस तळं बघून परत येईपर्यंत ती हलत नाही. आम्ही तिथे, ३,९०० मीटरवर, जवळपास तीन तास बसून होतो. ड्रायव्हर भला माणूस. त्याने मागची सीट मोकळी करून दिली, ब्लँकेट दिलं. पण तो काय करणार? फोनला रेंज नाही, दुसरी गाडी नाही. उद्या आईंना त्रास झाला तर माघारी फिरायचा निर्णय तुझ्या हातात आहे, पण पुढे उंची कमी करणं तुझ्या हातात नाही. गाइडबरोबरच्या लांब सहलीत ही एक गोष्ट आधी समजून घ्यावी लागते, कारण जाहिरातीत पहाटेची आणि परतीची वेळ असते, मधल्या वेळात तुम्ही कुठे आणि किती उंचीवर अडकणार ते नसतं.

म्हणून माझं मत: सोमवारी काहीही नको. बाजारात हिंडा, गरम सूप घ्या, लवकर झोपा. मंगळवारी लगुना ६९ ऐवजी यांगानुको तळ्यांची ट्रिप घ्या. तीही दिवसभराचीच, पण बस आधी दरीतून उत्तरेला खाली उतरते, कार्वासला आइस्क्रीमसाठी थांबते, मग युंगाय, आणि तिथून वर साधारण ३,८५० मीटरवर चिनानकोचा तळं. तिथे तास-दीड तास, मग परत खाली. आम्ही हे दोन दिवसांनी केलं आणि माझ्या मनात वास्करान म्हटलं की तोच दिवस येतो. पाण्याचा रंग अगदी फोटोतला. काठाला केनुआल नावाची वाकडी झाडं आहेत, त्यांची तांबूस साल कागदासारखी पापुद्र्यापापुद्र्याने सुटत असते. गाइडने सांगितलं, केच्वा भाषेत चिनानकोचा म्हणजे मादी तळं, आणि वरचं ओर्कोनकोचा म्हणजे नर तळं. दोन्हींच्या मधे उभं राहिलं की दोन्ही बाजूंचे कडे सरळ आभाळात जातात.

आणि युंगाय. तिथे बस थांबते तेव्हा उतरायचा कंटाळा करू नका. ३१ मे १९७० ला दुपारी मोठा भूकंप झाला, वास्करान पर्वताच्या उत्तर शिखराचा बर्फ आणि कडा सुटला आणि काही मिनिटांत अख्खं गाव गाडलं गेलं. वाचले ते मुख्यतः टेकडीवरच्या दफनभूमीत धावत चढलेले लोक आणि सर्कशीला गेलेली मुलं. आज तिथे गुलाबाची बाग आहे, जुन्या चौकातल्या ताडांचे बुंधे आहेत, चिखलात चेपलेली एक बस आहे. पायाखाली गाव आहे हे कळल्यावर सगळे आपोआप हळू चालायला लागले. मान वर केली की तोच वास्करान, पांढराशुभ्र. त्याचं दक्षिण शिखर ६,७६८ मीटर, पेरूतलं सर्वांत उंच. मी तिथे बराच वेळ उभी होते.

बुधवारी विल्काकोचाची छोटी चढण करा, साधारण ३,७०० मीटर. वारासच्या समोरच्या काळ्या डोंगररांगेत आहे, वरून सगळी पांढरी रांग एका ओळीत दिसते. हे तुमचं तुम्ही करू शकता, आणि त्रास झाला तर तासाभरात खाली. तिथे आईंना बरं वाटलं, रात्री झोप लागली, तर आणि तरच गुरुवारी लगुना ६९. तीन दिवसांनंतरचं शरीर वेगळं असतं.

डॉ_अनिकेत

वसुधाताईंनी नेमकं लिहिलंय. मी भूलतज्ज्ञ आहे, दोनच गोष्टी जोडतो. असिटाझोलामाइड, म्हणजे डायमॉक्स, ही विरळ हवेचा त्रास टाळण्यासाठीची गोळी चढण्याच्या आदल्या दिवसापासून घेतात. पण सल्फाची ॲलर्जी असेल तर आधी डॉक्टरांना सांगायलाच हवं, आणि बीपीची गोळी लघवी वाढवणारी असेल तर दोन्हींचा मेळ त्यांच्याकडूनच बसवून घ्या. इथल्या उत्तरावर जाऊ नका, माझ्याही.

दुसरं, शंका आली तर आईंना पावलापुढे पाऊल, टाच अंगठ्याला लावून सरळ रेषेत दहा पावलं चालायला सांगा. तोल जात असेल तर थांबून वाट बघायची नाही, लगेच खाली. "थोडं बसू, बरं वाटेल" हे वाक्य तिथे धोक्याचं आहे.

डोंगरवेडा_८८

वसुधाताई, मी लगुनाच्या आधी पाच दिवस तिथेच दुसऱ्या ट्रेकवर होतो, हे लिहायचं राहिलं. ते लिहायलाच हवं होतं. मुक्ता, माझं "बिनधास्त" मागे घेतो.

मुक्ता_पायवाट

सगळ्यांचे मनापासून आभार. आईला वसुधाताईंचं उत्तर मोठ्याने वाचून दाखवलं. "पित्त"वर ती एकदम थांबली, म्हणाली, मीही तेच म्हटलं असतं. आता मंगळवारी यांगानुको नक्की. गुरुवारचं गुरुवारी बघू.

दोन प्रश्न. पास्तोरुरी हिमनदीची ट्रिपही दिसतेय, त्यात चालणं कमी आहे. ती लगुनापेक्षा सोपी का? आणि आम्ही दोघी शाकाहारी आहोत, दिवसभराच्या ट्रिपमध्ये जेवणाचं काय?

वसुधा_भ

पास्तोरुरीला चालणं कमी, हो. पण बस जिथे सोडते तीच जागा लगुना ६९ पेक्षा उंच आहे, आणि हिमनदीपाशी ५,००० मीटर. तेव्हा "चालणं कमी" यावर जाऊ नकोस. बस किती उंचीवर नेते आणि तिथे किती वेळ ठेवते, हे दोन प्रश्न प्रत्येक ट्रिपला विचार. त्या वाटेवर पुया रायमोंदी नावाची झाडं आहेत, कित्येक दशकं नुसती वाढतात, एकदाच प्रचंड तुरा काढून फुलतात आणि मरतात. मला ती बघायची राहिली, त्याची चुटपुट आहे. पण तीन-चार दिवसांत आईंबरोबर मी ती ट्रिप धरणार नाही.

जेवणाचं: परतीच्या वाटेवर थांबतात तेव्हा चार वाजलेले असतात. त्यामुळे वारासच्या बाजारातून केळी, ब्रेड, चीज, उकडलेले बटाटे आदल्या रात्रीच घेऊन ठेवा. मोठ्या दाण्यांचं उकडलेलं मक्याचं कणीस आणि चीज वाटेत मिळतं, ते छान लागतं. नुसतं "मांस नको" सांगितलं तर चिकन समोर येतं, आमच्या आलं. "नी पोयो, नी पेस्कादो" म्हणायचं, म्हणजे चिकनही नाही, मासेही नाही. स्वच्छतागृहासाठी सुटी नाणी खिशात हवीत. उद्यानाचं तिकीट रोख सोलमध्येच, म्हणजे पेरूच्या चलनात, काढावं लागलं, आम्हाला माणशी ३० सोल पडले होते. कोकाचा चहा तिथे खुशाल प्या, पण पानं किंवा पाकिटं बॅगेत टाकून भारतात आणू नका. आपल्याकडे तो गुन्हा आहे.

जूनमध्ये आकाश स्वच्छ असतं, पण पहाटे बसमध्ये कडाक्याची थंडी असते. जॅकेट-टोपी टपावरच्या सामानात जाऊ देऊ नका, हाताशी ठेवा. आणि वारासहून उत्तरेला जाताना बर्फाची रांग उजव्या हाताला असते. आधी जाऊन उजवीकडची खिडकी आईंना द्या.