बांधावरून डोक्यात खोरं घातलं, तरी खुनाचा प्रयत्न का नाही?

माणदेशी_लेक:
माझे वडील ६१ वर्षांचे आहेत. गेल्या महिन्यात बांध कोरण्यावरून चुलत चुलत्यांशी वाद झाला. त्यांनी हातातल्या खोऱ्यानं दोन फटके मारले. पहिला अण्णांनी डाव्या हातावर झेलला, मनगटाच्या वरचं हाड मोडलं. दुसरा डोक्यात बसला, सात टाके पडले. सीटी स्कॅनमध्ये काही निघालं नाही, चार दिवसांनी घरी सोडलं. अजून त्यांना त्या हातानं पाण्याचा तांब्या धरता येत नाही. अण्णा दवाखान्यात होते म्हणून फिर्याद माझ्या भावानं दिली, पण भांडणाच्या वेळी तो तिथं नव्हता.

पोलिसांनी भारतीय न्याय संहितेचं ११७(२), म्हणजे जबर दुखापत, आणि ११८(१), म्हणजे घातक हत्यारानं दुखापत, लावलंय. गावात सगळे म्हणतात, डोक्यात मारलं म्हणजे ३०७, खुनाचा प्रयत्न, लागायलाच पाहिजे. चुलते जामिनावर सुटले आणि आमच्या दारावरून ट्रॅक्टर नेतात. अण्णा खिडकी लावून घेतात. आम्ही नेमकं कुठं कमी पडलो?

तालुका_कोर्टातली_वकील:
ताई, आधी अण्णांचा हात बरा होऊ दे. आता कलमाचं. जुन्या दंड संहितेतलं ३०७ म्हणजे न्याय संहितेतलं आताचं १०९. १ जुलै २०२४ नंतरच्या गुन्ह्याला नवीन संहिताच लागते.

जखम किती मोठी, यावर १०९ ठरत नाही. मारणाऱ्याच्या मनात काय होतं, यावर ठरतं. पुण्यात १९३१ साली फर्ग्युसन कॉलेजात वासुदेव बळवंत गोगटे यांनी मुंबई इलाख्याचे हंगामी गव्हर्नर हॉटसन यांच्यावर अगदी जवळून गोळी झाडली. हॉटसन बचावले. तरीही मुंबई हायकोर्टानं १९३२ मध्ये तो खुनाचाच प्रयत्न धरला. उलट हात-पाय मोडूनही खुनाचा इरादा दिसत नसेल, तर ती जबर दुखापतच राहते. हाड मोडलं की जखम आपोआप जबर ठरते. डोक्याचे टाके मात्र आपोआप तसे ठरत नाहीत. त्यासाठी जीव धोक्यात आला होता किंवा पंधरा दिवस असह्य वेदना होत्या, रोजची कामं बंद होती, असं काहीतरी दाखवावं लागतं. जुन्या कायद्यात हे वीस दिवस होते.

मनातलं कोणी उघडून दाखवत नाही. म्हणून कोर्ट हत्यार, वाराची जागा, जोर, किती वार, तोंडचे शब्द आणि मारणारा कशामुळे थांबला, हे बघतं. म्हणून विचारते, खोऱ्याचं लोखंडी पातं लागलं की दांडा? दोन फटक्यांनंतर ते स्वतः थांबले की कोणी थांबवलं?

आणि मला खटकलं ते वेगळंच. डोक्याच्या जखमेला ११८(१) लावलं, म्हणजे खोरं घातक हत्यार आहे हे पोलिसांनीच मान्य केलं. मग त्याच खोऱ्यानं हाड मोडलं त्याला साधं ११७(२) कसं? तिथं ११८(२), म्हणजे घातक हत्यारानं जबर दुखापत, हवं. ११७(२) जामीनपात्र आहे, शिक्षा सात वर्षांपर्यंत. ११८(२) अजामीनपात्र, किमान एक वर्ष, कमाल जन्मठेप. गाव १०९ च्या मागं लागलंय आणि हातातलं कलम सुटतंय.

धाकटी_पाती:
मी अशाच एका वेगळ्या केसमधल्या आरोपीच्या बाजूचा आहे, राग मानू नका. माझ्या भावावर ३०७ लागलं होतं. पाण्याच्या पाळीवरून भांडण, काठीचा एकच फटका, समोरच्याच्या डोक्याला जखम. फिर्यादीत ‘जिवे मारण्याच्या उद्देशाने’ लिहिलं होतं. नव्वद दिवस आत काढले, आईनं त्या काळात जेवण निम्मं केलं. चार वर्षांनी सेशन कोर्टानं फक्त साध्या दुखापतीची शिक्षा दिली. एकच फटका होता आणि पुन्हा मारायला कोणी अडवलं नसतानाही तो थांबला होता, हे उलटतपासात निघालं. जे घडलं तेवढंच लिहा, ताई. त्या वाढवलेल्या ओळीनं समोरच्यांचीही केस ढिली पडली.

माणदेशी_लेक:
राग नाही दादा. आज अण्णांना शांतपणे विचारलं. डोक्यात पातंच बसलं. ते खाली पडल्यावर चुलत्यांनी खोरं परत उचललं, ‘आता उठू देत नाही’ म्हणाले. शेजारच्या रानातल्या काकांनी मागून दांडा धरला. हे फिर्यादीत एका ओळीनंही नाही. भावाला माहीतच नव्हतं.

तालुका_कोर्टातली_वकील:
मग चित्र बदललं. पडलेल्या माणसावर तिसरा वार उगारला आणि दुसऱ्यानं अडवला म्हणून चुकला, ही १०९ च्या बाजूची बाब आहे. अण्णांचा जबाब झाला नसेल तर लगेच नोंदवून घ्या, त्यांच्याच शब्दांत, आणि इतके दिवस का झाला नाही हेही त्यात येऊ दे. उशीर झाला की बचाव पक्ष ‘नंतर रचलं’ म्हणणारच. त्या काकांचाही जबाब हवा. ते गावाच्या दबावानं फिरतील असं वाटत असेल, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली मॅजिस्ट्रेटसमोर घ्यावा असा अर्ज तपास अधिकाऱ्याकडे द्या आणि पोच घ्या. खोरं जप्त झालंय का? डॉक्टरांना ते दाखवून ‘या जखमा यानं होऊ शकतात का’ असा अभिप्राय मागवायला हवा.

माणदेशी_लेक:
खोरं त्यांच्या गोठ्याच्या भिंतीला टेकवलेलं आहे, आमच्या अंगणातून दिसतं. उद्या सकाळच्या एसटीनं अण्णा, काका आणि मी ठाण्यात जातोय. अर्ज आत्ताच लिहायला बसते.