केट्सबीला एवढा देखणा नायक कशाला केला?

टिळकवाडीकर

दिवाळीला पोरगा पुण्याहून आला होता, त्यानं लॅपटॉपवर लावून दिली म्हणून 'गनपावडर' बघितली. बीबीसीची २०१७ सालची मालिका, भाग तीनच. ज्यांनी बघितली नाही त्यांच्यासाठी दोन ओळीत सांगतो. १६०५ साली इंग्लंडातल्या काही कॅथलिक मंडळींनी लंडनच्या संसदेतल्या लॉर्ड्सच्या (सरदारांच्या) सभागृहाखालच्या तळघरात दारूची ३६ पिंपं रचली (तोफेची दारू, गोव्याची नव्हे). राजा पहिला जेम्स अधिवेशनाला आला की राजा, सरदार, बिशप सगळे एका दमात उडवायचे. ४ नोव्हेंबरच्या मध्यरात्रीच्या सुमारास गाय फॉक्स पिंपांपाशी सापडला आणि कट फसला. नाव झालं फॉक्सचं, खरा म्होरक्या मात्र रॉबर्ट केट्सबी. मालिका त्याची आहे. काम केलंय किट हॅरिंग्टननं, आणि तो आईकडून केट्सबीच्या घराण्याशी नातं सांगतो. त्याच्या नावातच मधे केट्सबी आहे.

माझी तक्रार इथंच सुरू होते. पहिल्या भागात एका वयस्क बाईला वजनाखाली चेंगरून मारतात, एका तरुण पाद्र्याला फासावरून काढून जिवंतपणी चिरतात. एवढं बघितल्यावर माणूस केट्सबीच्या बाजूनं उभा राहणारच. मग पुढं तो जे करतो त्याचा हिशेब कोण मागणार? त्या सभागृहात नुसता राजा नव्हता. कॅथलिक सरदारही बसणार होते, केट्सबीला ते ठाऊक होतं, तरी तो थांबला नाही. मालिकेत त्या वर बसणाऱ्या माणसांना तोंडच नाही. केट्सबीला मात्र घोडा आहे, दाढी आहे, मेलेल्या बायकोचं दुःख आहे.

निपाणीचा पानवाला

सर, माफ करा, पण तुम्ही शेवटाकडून सुरुवातीकडं बघताय. सरकारी, म्हणजे प्रॉटेस्टंट, चर्चला गेलं नाही तर महिन्याला २० पौंड दंड, १५८१ पासूनचा कायदा. भरला नाही तर दोन तृतीयांश जमीन जप्त. १५८५ पासून पाद्र्याला घरात लपवलं तरी फाशी. जेम्स १६०३ ला गादीवर आला, त्याची आई मेरी कॅथलिक, म्हणून लोकांनी आशा धरली. १६०४ च्या फेब्रुवारीत त्यानं पाद्र्यांना देश सोडायचं फर्मान काढलं. उरलेली आशा स्पेनवर होती, तर त्याच वर्षी ऑगस्टमध्ये स्पेननं इंग्लंडशी तह करून टाकला. सगळी दारं एकेक करून लागल्यावर माणूस तळघरात शिरतो. हे दाखवलं नाही तर मालिका म्हणजे नुसता पोलिसांचा पंचनामा.

आणि आपल्याकडं बघा की. कित्तूरच्या संगोळ्ळी रायण्णानं इंग्रजांच्या कचेऱ्या जाळल्या, खजिने लुटले. कंपनीच्या दप्तरात तो दरोडेखोरच होता. १८३१ च्या जानेवारीत नंदगडला वडाच्या झाडाला फासावर चढवला. आज त्या वडापाशी लोक नवस बोलतात. मग केट्सबीलाच वेगळा न्याय का?

शहापूरची थोरली

मी पहिला भाग अर्धाच बघितलो. त्या बाईच्या अंगावर दार ठेवून वजनं चढवत होते तवा उठून गेलो बगा. जेवलेलं वर येत होतं. कथा चांगली असंल, खरं एवढं दाखवायची काय गरज हाय? पडद्यामागनं आवाज आला असता तरी समजलं असतं की.

टिळकवाडीकर

थोरली, ती बाई लेखकानं बेतलेली आहे. पण तशा मरणाची खरी बाई होती. मार्गारेट क्लिथरो, यॉर्कची, खाटकाची बायको. पाद्र्यांना आसरा दिला म्हणून पकडली. तिनं कोर्टात गुन्हा कबूलही केला नाही आणि नाकारलाही नाही, कारण खटला चालला असता तर साक्षीला तिच्याच मुलांना उभं केलं असतं. उत्तर न देणाऱ्याला चेंगरून मारायचं, हा कायदाच होता. साल १५८६, राणी एलिझाबेथ. म्हणजे कटाच्या १९ वर्षं आधीचं मरण उचलून कटाच्या तोंडावर आणून ठेवलंय. मी म्हणतो ती लबाडी हीच. प्रत्येक गोष्ट कधी ना कधी घडलेली, पण क्रम प्रेक्षकाला रडवायला लावलेला.

पानवाल्या, रायण्णा कंपनीच्या फौजेशी समोरासमोर लढला. त्यानं कुणाच्या सभेखाली पिंपं ठेवली नाहीत. ही तुलना मला पटत नाही.

चोर्ला घाट

कॅथलिकांचा छळ बघून सगळ्यांना कढ आला. घाट उतरलं की काय लागतं? गोवा. तिथं १५६० ला इन्क्विझिशन, म्हणजे धर्म नीट न पाळणाऱ्यांना पकडणारं चर्चचं कोर्ट, बसलं, मधली चार वर्षं सोडली तर १८१२ पर्यंत चाललं. लंडनमध्ये ज्या धर्माच्या लोकांना लटकवत-कापत होते, त्याच धर्माचे लोक त्याच वर्षांत गोव्यात काय करत होते? त्याची मालिका कोण काढतंय?

नंदगडी

मी कॅथलिक आहे म्हणून लिहितो. इन्क्विझिशनची बाजू घ्यायला आलेलो नाही. पण एक गोष्ट बघा, त्या कोर्टाचा हात मुख्यतः बाप्तिस्मा घेतलेल्यांवरच पडायचा. नवख्रिस्ती झालेल्यानं घरात जुने सण पाळले, तुळशीला पाणी घातलं, की बोलावणं. आमच्या घरात सांगतात की आमची माणसं गोव्यातून घाट चढून वर आली ती असल्याच भीतीनं. त्यामुळे 'छळणारे तुम्हीच' असं मला म्हणताना जरा थांबा, भाऊ. छळले गेलेले पण आम्हीच.

मालिकेबद्दल. सगळे केट्सबीवर बोलताय, मला तो जेझुइट (कॅथलिक पाद्र्यांच्या एका संघाचा) फादर गार्नेट जास्त लागला. खऱ्या इतिहासात त्याला कटाची बातमी दुसऱ्या जेझुइट फादरकडून, टेसिमंडकडून, कुमसारात कळली. आमच्याकडं पापनिवेदनाला कुमसार म्हणतात, आणि त्यात ऐकलेलं मेलं तरी बाहेर काढायचं नाही. म्हणजे त्याला ठाऊक आहे की शेकडो माणसं मरणार, केट्सबीला त्यानं थोपवायचा प्रयत्नही केला, पण वाड्यावर जाऊन सांगता येत नाही. ३ मे १६०६ ला त्याला लंडनमध्ये मारलं. तुम्ही त्याच्या जागी असता तर काय केलं असतं, हे मी आमच्या फादरना विचारलं. ते म्हणाले, आधी चहा घे.

चोर्ला घाट

बरोबर, ते नवख्रिस्त्यांचं मी घाईत लिहिलो. मागं घेतो. मालिका निघायला पाहिजे हे मात्र मागं घेत नाही.

टिळकवाडीकर

नंदगडी, गार्नेटबद्दल एक अडचण. कुमसाराचं बंधन टेसिमंडनं सांगितलेल्या गोष्टीला होतं. 'काहीतरी मोठं शिजतंय, सावध राहा' एवढं मोघम तो कुणालाही सांगू शकला असता. खटल्यात सरकारनं नेमकं तेच पकडलं. मला वाटतं इथं तो चुकला. गळ्यात फास पडण्याइतका नाही, पण चुकला.

आणि मोघम सांगायचं काम शेवटी दुसऱ्या कुणीतरी केलंच. २६ ऑक्टोबरला लॉर्ड मॉन्टीगलच्या हाती निनावी पत्र पडलं, अधिवेशनाला जाऊ नका म्हणून. ते कुणी लिहिलं हे आजवर सिद्ध झालेलं नाही. बरेच जण मॉन्टीगलचा मेहुणा ट्रेशॅमकडं बोट दाखवतात, काही जण म्हणतात मंत्री सेसिलनंच लिहवून घेतलं. हे वाचताना मला आपला 'ध'चा 'मा' आठवला. ३० ऑगस्ट १७७३, शनिवारवाडा, नारायणराव. तिथंही एका कागदावर अख्खी गोष्ट उभी, आणि अक्षर कुणी फिरवलं याचा कागदी पुरावा नाही, नुसतं आनंदीबाईकडं बोट.

निपाणीचा पानवाला

तुम्हीच पेशवाई काढलीत म्हणून बोलतो. नारायणरावाच्या खुनानंतर नाना फडणीस, सखारामबापू, हरिपंत वगैरेंनी राघोबाला गादीवरून काढायला जे केलं त्याला आपण काय म्हणतो? बारभाईंचं कारस्थान. शाळेत कौतुकानं शिकवतात. का? तर ते जमलं, आणि १७७४ ला सवाई माधवराव जन्मला. जमलं तर कारस्थान, फसलं तर कट. इकडं बारा, तिकडं कटवाले तेरा. केट्सबीचं जमलं असतं तर आज लंडनमध्ये त्याचा पुतळा असता आणि तुम्ही सेसिलवर तक्रार लिहिली असती.

टिळकवाडीकर

नाही. बारभाईंनी राघोबाला हटवलं, दरबार भरलेला असताना शनिवारवाडा उडवून दिला नाही. आकडा जुळला म्हणून गोष्ट जुळत नाही. शिवाय केट्सबीचं जमलं असतं तर पुतळा उभा राहायच्या आधी इंग्लंडातल्या साध्या कॅथलिकांची कत्तल झाली असती. कट फसूनसुद्धा त्यांच्यावर १६०६ ला निष्ठेची शपथ लादली गेली. ज्यांच्यासाठी केलं त्यांच्याच गळ्याशी आलं.

एक मान्य करतो. शेवटचा भाग चांगला उतरलाय. स्टॅफर्डशायरमधल्या होल्बीच हाउसला हे पळून पोचतात, पावसात भिजलेली दारू शेकोटीसमोर वाळत घालतात आणि ती त्यांच्याच तोंडावर उडते. राजाला उडवायला निघालेल्यांची दारू एकदाच पेटली, तीही त्यांच्यावर. हे कुठल्या लेखकानं रचलं असतं तर आपण म्हटलं असतं, काहीही दाखवतात. पण ते खरंच घडलंय. ८ नोव्हेंबरला केट्सबी तिथंच गोळी लागून मेला.

नंदगडी

म्हणूनच बघा, लोकांच्या लक्षात तो राहिला नाही. ५ नोव्हेंबरला जाळतात तो फॉक्सचा पुतळा. तो दिवस पाळायचा कायदाच केला होता, १८५९ ला रद्द झाला. पुतळे अजून जळतात.

शहापूरची थोरली

होय की, आपल्या बेळगावच्या कॅम्पातल्या ओल्ड मॅनसारखं! ३१ डिसेंबरला नातवाच्या हट्टापायी मीबी एक केलो. गवत भरलो, मडक्याचं डोकं, तोंडात बिडी. रात्री बारा वाजता पेटवताना पोरगं विचारतंय, आज्जी, ह्यानं काय केलाय म्हणून जाळायलोय? म्हटलो, तुझ्या आज्जाची चांगली पँट घातलाय, अजून काय करायला पाहिजे.