किनुयो तानाका फक्त मिझोगुचीची नायिका?

जपानी अभिनेत्री किनुयो तानाकाला कुणीतरी नुसतं 'मिझोगुचीची नायिका' म्हणून मोकळं झालंय; मिझोगुची म्हणजे जपानी दिग्दर्शक. अहो, त्याच्याकडे येण्याआधीच बाई मोठी स्टार होती! १९२४ मध्ये, पंधरा वर्षांचीही नसताना ती शोचिकू या चित्रपट कंपनीत लागली. १९३१ साली जपानचा पहिला यशस्वी बोलपट आला, त्यातही तीच.

माझ्या मते तिचं खरं काम बघायचं तर दिग्दर्शक किनोशिताचा १९४४ चा 'रिकुगुन' (म्हणजे 'सैन्य') बघा. त्यात ती आई झालीय. काढलेला युद्धप्रचारासाठी. पण शेवटी मुलगा पलटणीबरोबर निघालाय आणि आई गर्दीतून वाट काढत त्याच्यामागे धावतेय. धडपडते, उठते, शेवटी नुसते हात जोडते. कितीतरी मिनिटं जवळपास संवादच नाहीत. लष्कराला ते आवडलं नाही, यात नवल काय!

आणि १९५३ पासून तिने स्वतः सहा चित्रपट दिग्दर्शित केले. त्याला विरोध कुणाचा, तर मिझोगुचीचाच. (दुसरा दिग्दर्शक ओझू, त्याने मात्र आपली पटकथा तिला दिली.) म्हणून ते 'त्याची नायिका' वाचलं की जरा खटकतं.

आणि किनोशिताच्याच 'नारायामा' चित्रपटातल्या म्हातारीच्या भूमिकेसाठी तिने पुढचे दात काढून घेतले होते म्हणतात, तेव्हा वय पन्नाशीच्या आतच.