मदत हवी आहे: भावकीत तडजोड झाली, पण ३२४ ची केस मिटेना

नमस्कार मंडळी. आम्ही परभणी जिल्ह्यातले. २०२२ च्या पेरणीत बांधावरून थोरल्या चुलत्यांशी (आम्ही त्यांना तात्या म्हणतो) भांडण झालं. धाकट्या भावानं रागाच्या भरात कुऱ्हाडीचा तुंबा (मागची बोथट बाजू) त्यांच्या खांद्यावर मारला. हाड मोडलं नाही, डॉक्टरांच्या सर्टिफिकेटवर 'साधी दुखापत' आहे. तात्यांनी फिर्याद दिली, आणि ती खरीच होती. भादंविचं (भारतीय दंड संहितेचं) ३२४ (धोकादायक हत्यारानं दुखापत), ३२३ (साधी दुखापत), ५०४ (चिथावण्यासाठी अपमान), ५०६ (धमकी) लागलं. चार्जशीट होऊन केस जेएमएफसी (प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी) कोर्टात आहे.

पुढं आम्ही सरकारी मोजणी आणली. दोन्ही घरांनी खुणा मान्य केल्या, बांध पक्का झाला. भावानं दवाखान्याचा खर्च दिला, तात्यांचे पाय धरले. त्यांच्या नातीच्या लग्नात पंगतीला वाढायला आमचंच घर होतं. आता केस कुणालाच नको आहे.

लोकअदालतीत गेलो तर कळलं की ३२४ तिथं घेता येत नाही. गावातले जाणते सांगायलेत, "त्यात काय! तात्यांनी साक्षीला उभं राहायचं आणि म्हणायचं, गर्दीत कुणी मारलं ते दिसलं नाही." तात्या माळकरी आहेत. ते म्हणाले, "माफ केलं म्हणजे केलं. पण मारलंच नाही असं शपथेवर म्हणणार नाही." मला त्यांचं शंभर टक्के पटतं. मार त्यांनी खाल्ला, माफीही त्यांनीच दिली, आणि वर खोटंही त्यांनीच बोलायचं?

खरं ते सांगून केस मिटवायचा काही रस्ता आहे का? तात्यांना संभाजीनगरला हायकोर्टात जावं लागेल का? गुडघ्यांमुळं त्यांना एसटीचा प्रवास झेपत नाही. भाऊ पोलीस भरतीची तयारी करतोय, त्याचीही काळजी आहे.

वकील, नांदेड:
तात्यांना माझा नमस्कार सांगा, ते बरोबर बोलतायत. शपथेवर खोटी साक्ष देणं हा वेगळा गुन्हा आहे, त्या वाटेला जाऊ नका.

३२३, ५०४, ५०६ ही कलमं फिर्यादीला खालच्या कोर्टातच मिटवता येतात (फौजदारी प्रक्रिया संहिता, कलम ३२०). ३२४ पूर्वी त्या यादीत होतं, पण २००९ च्या अखेरीस ते निघालं. यादीबाहेरचं कलम जेएमएफसी कोर्टाला मिटवता येत नाही आणि लोकअदालतीलाही नाही. तो अधिकार उच्च न्यायालयाचा. परभणीसाठी म्हणजे संभाजीनगरचं खंडपीठ.

तिथं एफआयआर आणि चार्जशीट रद्द करण्याचा अर्ज भावानं करायचा. आधी त्यासाठी कलम ४८२ होतं, १ जुलै २०२४ पासून त्या संहितेच्या जागी आलेल्या नागरिक सुरक्षा संहितेचं ५२८ आहे. अर्जात शासन आणि तात्या दोघंही प्रतिवादी. तात्यांनी शपथपत्र द्यायचं: घटना घडली, आता वाद मिटला, दबाव नाही, केस रद्द करायला हरकत नाही. घटना नाकारायची गरजच नाही.

सर्वोच्च न्यायालयाचा ग्यान सिंग निकाल (२०१२) याचा पाया आहे. खून, बलात्कार, दरोडा असे गुन्हे तडजोडीनं मिटत नाहीत, कारण तिथं झळ सगळ्या समाजाला बसते. खासगी वाद खरोखर संपला असेल तर केस रद्द होऊ शकते. नरिंदर सिंग (२०१४) निकालात जखम, हत्यार आणि केसचा टप्पा बघायला सांगितलंय. साक्षी सुरू झाल्या नसतील तर तुमची बाजू बरीच मजबूत. साक्षीपुरावा संपत आल्यावर गेलात तर कोर्ट सहसा हात घालत नाही. म्हणून उशीर करू नका. तरीही हा हक्क नाही, निर्णय कोर्टाचा.

कावेरी, बीड:
एक विचारू का? तात्यांच्या घरातल्या बायकांनाही हे मान्य आहे ना? आमच्या भागात 'मिटवून घ्या' म्हणत जखमी माणसावरच भावकी दबाव आणते, हे मी जवळून पाहिलंय. तात्यांचा वकील वेगळा असू द्या. पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा. त्या झटापटीत आणखी कुणाला लागलं असेल तर त्यांचीही संमती घ्या.

वकील, नांदेड:
कावेरीताई, अगदी बरोबर. तडजोड मनापासून आहे का, हे कोर्टही तपासतं. त्यासाठी बऱ्याचदा दोन्ही बाजूंना आधार कार्ड घेऊन रजिस्ट्रारपुढं बोलावतात. म्हणजे तात्यांना एकदा तरी यावं लागेल असं धरून चला. तब्येतीचं कारण देऊन व्हिडिओ कॉन्फरन्सची विनंती करता येते, ती मान्य करायची का ते कोर्ट ठरवेल.

भरतीचं म्हणाल तर केस रद्द झाली तरी फॉर्ममध्ये विचारलेली माहिती लपवू नका. अवतार सिंग निकाल (२०१६) नेमका त्यावरच आहे. नोकरी द्यायची की नाही ते खातं प्रकरण बघून ठरवतं, पण लपवणं हे स्वतंत्र कारण होतं.

धागाकर्ता:
वकीलसाहेब, कावेरीताई, मनापासून आभार. काकूंशी बोललो. त्या म्हणाल्या, "माझी हरकत नाही, पण कागद मला वाचून दाखवा, मग सही होईल." त्यांच्यासमोरच वाचणार. आरोप निश्चित झालेत, साक्ष एकही झालेली नाही. तात्यांसाठी वेगळा वकील बघतोय. गाडीची सोय मी करतो. एवढंच सांगा, चार्जशीटच्या नकला आधी तालुक्याच्या कोर्टातून काढाव्यात का?

वकील, नांदेड:
हो, आजच अर्ज टाका. सही-शिक्क्याच्या नकला घ्या, आणि वैद्यकीय प्रमाणपत्राची नक्कल त्यातून सुटू देऊ नका.