कासाब्लांकातला पाकीटमार कोण?

निशाचर:
परवा रात्री कासाब्लांका (१९४२चा सिनेमा) परत बघितला. सुरुवातीला तो बारीकसा, लगट करणारा माणूस येतो बघा, त्या इंग्रज जोडप्याला सांगतो की जपून राहा, इथं सगळीकडे गिधाडं आहेत, आणि सांगता सांगताच त्या साहेबाचं पाकीट मारतो. हा चेहरा मी दुसरीकडे नक्की बघितलाय पण डोक्यात येतच नाहीये. टायटल्समधल्या नावांवरून पण कळत नाही. कुणाला माहितेय का?

जुनाप्रोजेक्टर:
कुर्ट बोइस. तुम्ही बहुतेक दिग्दर्शक विम वेंडर्सचा विंग्ज ऑफ डिझायर (१९८७) बघितला असणार, त्यात बर्लिनच्या भिंतीलगतच्या उजाड माळावर एक थकलेला म्हातारा पोट्सडामर प्लात्झ हा बर्लिनचा जुना चौक शोधत फिरतो आणि शेवटी तिथंच पडलेल्या जुनाट खुर्चीत बसतो, तोच हा. दोन्हींच्या मध्ये ४५ वर्षं, म्हणून ओळखू येत नाही.

माणूस भारी होता. जन्म बर्लिनचा, १९०१, ज्यू घर. सात-आठ वर्षांचा असतानाच स्टेजवर आणि सिनेमात. विशीत तर बर्लिनमध्ये कॉमेडियन म्हणून चांगलाच फेमस, १९२७चा 'डेर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम' म्हणून मूकपट आहे, त्यात बाईच्या वेषात काय धमाल केलीय. मग हिटलर आला आणि याला देश सोडावा लागला, व्हिएन्ना वगैरे करत अमेरिकेत. तिथं हॉलिवूडमध्ये काय, तर वेटर, कारकून, पाकीटमार असले दोन-दोन मिनिटांचे रोल. आणि नीचपणा बघा, याच बाईच्या वेषातल्या सीनचा तुकडा उचलून नाझींनी १९४०च्या ज्यूविरोधी प्रचारपटात घातला.

तिसरीघंटा:
+१. फक्त हॉलिवूडपाशी थांबू नका. १९५०ला तो परत बर्लिनला गेला, ते पण पूर्व बर्लिनला, आणि जर्मन नाटककार ब्रेख्तच्या बर्लिनर आँसाम्बल या नाटक कंपनीत त्याच्याच नाटकातला पुंटिला केला. आपल्याकडे ब्रेख्त म्हटलं की पुलंचा तीन पैशांचा तमाशा नाहीतर अजब न्याय वर्तुळाचा, पुंटिलाचं नाव फार निघत नाही. पण रोल जबरी आहे, प्यायल्यावर देवमाणूस आणि उतरली की कसाई असा जमीनदार. दिग्दर्शक कॅव्हलकांतीने त्या नाटकावर सिनेमा केला त्यातही बोइसच आहे. नंतर तो पश्चिम बर्लिनमध्ये गेला. माझ्या मते खरं मोठं काम ते रंगभूमीवरचं, पाकीटमार आपल्याला आठवतो कारण सिनेमा सगळ्यांनी बघितलाय, एवढंच.

जुनाप्रोजेक्टर:
हो पण म्हणून पाकीटमार हलका नाही हां. कासाब्लांकातच नंतर रिकच्या कॅफेत तो कार्ल वेटरला धडकतो आणि सॉरी म्हणून सटकतो, तेव्हा कार्ल लगेच स्वतःचे खिसे चाचपतो, तो सीन परत लावून बघा. बरं, विंग्जसाठी १९८८ला पहिल्याच युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये सहाय्यक अभिनेत्याचं बक्षीस पण मिळालं, वय ८७. १९९१ला गेला, बर्लिनमध्येच.

निशाचर:
अरे हो, तोच तो खुर्चीतला म्हातारा!! धन्यवाद मंडळी. पुंटिला सबटायटल्ससकट कुठे मिळेल, कुणी सांगेल का?